भन्तेच्या डब्यातली राख

डबाच आहे मी, मित्रांनो. पितळेचा, जुना, ठिकठिकाणी पोचे पडलेला. मधली काही वर्षं लोक मला अस्थिकलश म्हणत होते, माझ्यापुढे गुडघे टेकत होते. पण कासाराने मला घडवलं ते भाकरी नेण्यासाठी, आणि मला डबा म्हटलेलंच बरं वाटतं. माझी गोष्ट गोड नाही. लहान मुलांना गोड गोष्टी सांगाव्यात असं मोठी माणसं म्हणतात. मोठ्यांनी काय काय केलं ते झाकायचं असतं म्हणून म्हणतात.

पांढुर्ण्याच्या बाजारात वामनच्या आईने मला घेतलं आणि तिथेच माझ्या अंगावर टोचून टोचून वामनचं नाव घालून घेतलं. वामन सौंसरच्या एका जिनात, म्हणजे सरकी काढायच्या कारखान्यात, कापसाच्या गाठी उचलायचा. बाकी कामगारांचे डबे आत खुंटीवर असायचे. मी बाहेर, कडुनिंबाच्या फांदीला. का, ते घरी विचारा. कोण काय उत्तर देतं त्यावरून तुमचं घर तुम्हाला कळेल. जिनातल्या नळाला वामनने हात लावायचा नाही. कोणी वरून पाणी ओतलं तर ओंजळ धरायची. माझ्यातली ज्वारीची भाकर उन्हात तापायची, कापसाचं तूस माझ्या कडीवर बसायचं, आणि मी फांदीवर हलत विचार करायचो की पितळेला विटाळ लागतो तो नेमका कुठून आत शिरतो.

छप्पन साली वामन मला घेऊन नागपूरला गेला आणि बौद्ध होऊन परतला. आमची वस्ती रामाकोना गावाच्या पुढे, कन्हान नदीच्या अलीकडे. आल्या आल्या त्याने एक टोपली घेतली आणि घरोघर फिरला. शेंदराचे गोटे, टाक, फोटो, सगळं टोपलीत. वस्तीत चिंधू नावाचा भगत होता. कोणी आजारी पडलं की तो अंगात आणायचा आणि राखेचा अंगारा द्यायचा. त्याच्या दारात वामन उभा राहिला तसा तो म्हणाला, "वामन्या, देव कोपन बे."

"कोपू दे. आतापर्यंत खूश होता तवा काय देलं त्यानं तुले?"

"अन् लेकरं बिमार पडले तं कोणाच्या दारी जातीन?"

"सौंसरच्या दवाखान्यात जातीन. थो अंगारा दे इकडे."

चिंधूने पुडी घट्ट धरली. वामनने ती त्याच्या मुठीतून काढली, नदीवर जाऊन टोपली रिकामी केली आणि ती पुडीही कन्हानच्या पाण्यात झटकली. मी त्याच्या हातात होतो. राख पाण्यावर क्षणभर तरंगली आणि गेली. वस्ती काठावर उभी होती. बायांनी तोंडाला पदर लावले होते. काही झालं नाही. कोणी मेलं नाही, वीज पडली नाही.

पुढे वामनने चीवर घेतलं. भिक्षू झाला, लोक त्याला भन्ते म्हणू लागले. भिक्षापात्र म्हणून त्याने मलाच धरलं. टवाळ पोरं विचारायची, "भन्तेजी, हे पात्र होय का जिनातला डबा?" तो म्हणायचा, "भाकर याले ओळखते. नवीन भांड्याले ओळख करून द्या लागन." विहार म्हणजे टिनाची एक खोली, एक बुद्धमूर्ती, दोन मेणबत्त्या. सकाळी वंदना, दुपारी पोरांची शाळा. आणि वस्तीत कोणाला ताप आला की भन्ते सायकल काढायचा, लेकराला मागे बांधायचा आणि सौंसरची वाट धरायचा. चीवर चाकात अडकायचं, म्हणून ते गुडघ्यावर खोचलेलं. किती लेकरं त्या सायकलवर गेली आणि परत आली. ती आता मोठी झाली आहेत. त्यांनीच पुढे काय केलं, ते ऐका.

एक्क्याऐंशीच्या हिवाळ्यात भन्ते खाटेला लागला. उशाशी भाऊराव बसला होता. भाऊराव तहसील कचेरीत चपराशी, वस्तीतला पहिला सरकारी माणूस, म्हणून विहार समितीचा अध्यक्ष. भन्ते त्याला म्हणाला, "भाऊराव, माही राख ठेवू नको. कन्हानमधी सोड. राख ठेवली का पूजा सुरू होते, अन् पूजा सुरू झाली का डोकं बंद होते."

"हो भन्तेजी," भाऊराव म्हणाला.

आणि भन्तेला जाळून आले तसं त्याने ती राख माझ्यात भरली. हाडांचे दोन-चार लहान तुकडेही. म्हणाला, "इथे स्तूप बांधू. नागपूरचे लोक येतीन पाहाले." माझं झाकण लावलं, वर परित्राणाचा, रक्षणाच्या गाथा म्हणून बांधतात तो पांढरा दोरा गुंडाळला, आणि मला मूर्तीच्या पायाशी ठेवलं. ज्याची भाकर वाहिली त्याची राख वाहायची वेळ आली. वाईट वाटलं, पण लाज वाटली नाही. बाया फुलं वाहायच्या, पोरं वंदना म्हणायची, म्हातारे माझ्याकडे पाहून त्याची सायकल आठवायचे. इथवर सगळं चांगलं होतं. अस्थी ठेवायच्या त्या यासाठीच, की माणूस आठवावा आणि तो काय म्हणाला ते आठवावं.

विहाराची किल्ली वच्छलाबाईकडे होती. विधवा बाई, झाडलोट तिची, दिवा तिचा. एका दुपारी जयवंता आली. कडेवर इंदू, चार वर्षांची, खोकून खोकून निळी पडलेली. जयवंताचा नवरा उत्तम हा केशवराव नावाच्या शेतकऱ्याच्या संत्र्याच्या बगीच्यात पाणी द्यायला असायचा, त्यामुळे घर, लेकरू, दवाखाना सगळं तिच्या अंगावर.

"वच्छलाबाई," ती म्हणाली, "भन्तेजी असते तं सायकलवर नेली असती इले."

"नेली असती माय."

"थे नाही तं त्याची राख तं हाय."

मग वच्छलाबाईने दोरा सोडला. माझं झाकण कुरकुरलं. दोन बोटं आत आली, चिमूटभर राख घेतली आणि इंदूच्या जिभेवर ठेवली.

मित्रांनो, मी पितळ आहे, मला घाम येत नाही. पण त्या दिवशी माझ्या आत काहीतरी थंड पडलं. ज्या माणसाने अंगारा नदीत झटकला, त्याचाच अंगारा झाला होता. आणि तो करणाऱ्या बाया वाईट नव्हत्या. त्यांचं त्याच्यावर प्रेम होतं. मला हेच अजून पचत नाही.

इंदू बरी झाली. जयवंताने तिला दुसऱ्या दिवशी सौंसरला नेऊन नर्सकडून सूईही टोचून घेतली होती. ती सूई ती विसरली. राख तेवढी लक्षात राहिली.

मग काय विचारता. आज हिचं पोर, उद्या तिची सून. कोणाला दूध येत नाही, कोणाची म्हैस गाभण राहत नाही. समोरच्या दाराने वंदना, मागच्या दाराने चिमूट. भाऊरावची आई लीलाबाई तर राखेवर थांबली नाही. तिने माझ्यात हात घालून हाडाचा एक तुकडा उचलला आणि घरी सहाणेवर पाण्यात उगाळला. वेखंड, हळकुंड उगाळून बाळघुटी देतात ना, तसा. नातवाला चाटवला. वच्छलाबाईला तिने स्वतः सांगितलं, "हाडात जोर जास्त असते वो." मी ऐकत होतो. भन्तेचं हाड होतं ते. त्याच हाताचं असेल, ज्या हाताने तो पाटीवर अक्षरं गिरवायचा. हळूहळू बाकीचे तुकडेही असेच गेले.

राख संपत आली. वच्छलाबाई घाबरली. डबा रिकामा दिसला तर लोक काय म्हणतील? तिने आपल्या चुलीतली राख फडक्यातून गाळली आणि माझ्यात ओतली. पहिल्यांदा रडत ओतली. दुसऱ्यांदा रडली नाही. पुढे पुढे गाळायचंही सोडून दिलं. आणि लोकांना त्याच राखेने गुण येत राहिला. ज्यांना यायचा त्यांना. ज्यांना आला नाही त्यांनी तोंड उघडलं नाही. भन्ते अख्ख्या वस्तीच्या पोटात गेला होता. डोक्यात कोणाच्याच नव्हता.

पंच्याऐंशीच्या वैशाखात स्तूप बांधून झाला. बुद्धपौर्णिमेला अस्थी त्यात ठेवायच्या ठरलं. नागपूरहून एक तरुण भिक्षू येणार होते. केशवरावांची जीप एका दिवसासाठी मागून आणली होती. तिला झेंडूच्या माळा, पंचशील झेंडा, वर पांढरी छत्री. आणि भाऊरावने नागपूरहून एक चकचकीत स्टीलचा कलश आणला होता. म्हणाला, "या पोचलेल्या डब्यातली राख सगळ्यायसमोर या कलशात भरू. लोकायले दर्शन होईन." वच्छलाबाईला हे त्या सकाळीच कळलं. तिला वाटत होतं, मला बंदच्या बंद स्तूपात ठेवतील आणि वर सिमेंट लागेल. ती माझ्याजवळ आली, दोरा चाचपून पाहिला आणि तशीच बसून राहिली. तिचा चेहरा राखेसारखाच झाला होता.

याच दिवसांत इंदू तापाने फणफणली होती. आता सात वर्षांची. मान वळवता येत नव्हती, उजेड सहन होत नव्हता, दोन घास खाल्ले की ओकायची. उत्तम म्हणाला होता, "सौंसरले ने." जयवंता म्हणाली होती, "पौर्णिमा होऊन जाऊ दे. भन्तेजीची राख देऊन राहिली ना मी. मागच्या टाइमालेही त्यानंच बरी झाली." सकाळ-संध्याकाळ ती चिमूट नेत होती. वच्छलाबाई देत होती. काय देते आहे ते फक्त तिला आणि मला ठाऊक होतं. तिला तोंड होतं, ते तिने उघडलं नाही. मला तोंड होतं, त्यावर झाकण होतं.

मिरवणूक निघाली. मी जीपवर, छत्रीखाली. पांढऱ्या लुगड्यांच्या रांगा, लेझीम, गुलाबी-निळे कागद. स्तूपापाशी मांडव घातला होता. जीप बाजूला लागली, मला टेबलावर पांढऱ्या कापडावर ठेवलं. पहिल्या रांगेत बायांमध्ये जयवंता बसली होती, मांडीवर इंदू, डोळे मिटलेली. आज प्रत्यक्ष अस्थींसमोर न्यावं म्हणून तिने लेकराला उन्हातून आणलं होतं.

भिक्षूंनी गाथा म्हटल्या. मग दोरा सोडला, झाकण काढलं आणि मला त्या पांढऱ्या कापडावर हळूच कलतं केलं.

राख पडली. तिच्यात काळा कोळसा होता. तुराटीची अर्धवट जळलेली काडी होती. कांद्याचं करपलेलं फोलपट होतं. हाडाचा एक कणही नव्हता.

लेझीम थांबलं. कोणीतरी पोराच्या तोंडावर हात ठेवला. भिक्षूंनी ती काडी दोन बोटांत धरली, उलटी-पालटी केली आणि भाऊरावकडे पाहिलं. "हे काय आहे?"

भाऊरावच्या कपाळाच्या शिरा उठल्या. "वच्छला. किल्ली तिच्यापाशी असते. चोट्टी आहे ही बाई. अख्ख्या वस्तीचं नाक कापलं इनं."

वच्छलाबाई उठली. "मी खाल्ली नाही भाऊराव. तुमी सगळ्यायनं खाल्ली. मागाले आले तशी देली. संपली, म्हून चुलीतली भरली."

"झूट बोलते. आमच्या घरचं कोणी कायले खाईन?"

"तुमच्या पोराच्या, मधुकरच्या दंडात ताईत हाय. म्याट्रिकच्या परीक्षेच्या टाइमाले तुमी स्वतः आले होते, पुडी घ्याले. तुमच्या मायले विचारा, हाड कुठी गेलं. सहाणेवर पाहा."

सगळ्यांच्या माना लीलाबाईकडे वळल्या. लीलाबाईने पदर पुढे ओढला. मधुकरने बाहीवर हात ठेवला. मांडवात शंभर माणसं असतील, पण कोणी कोणाच्या डोळ्यात पाहत नव्हतं. प्रत्येकाच्या जिभेवर ती राख येऊन गेली होती.

तेवढ्यात जयवंता बोलली. मोठ्याने नाही. "वच्छलाबाई, मी इंदूले देऊन राहिली थे काय होय?"

"चुलीतली, माय."

"काल देली थे?"

"चुलीतली."

"अन् आज सकाळची?"

जयवंताने इंदूच्या ओठांवरून पदराने पुसलं. तिथे अजून राखेची रेघ होती. ती पुसत राहिली, पुसत राहिली, रेघ गेली तरी पुसत राहिली. मग लेकरू खांद्यावर टाकून ती सरळ जीपपाशी गेली आणि आत बसली.

भाऊराव धावला. "जयवंताबाई, उतरा. सत्कार बाकी आहे, मूर्तीची फेरी बाकी आहे. तीनची बस आहे ना."

"तीन वाजेपरेंत वाचन का हे?"

"केशवरावची गाडी आहे. त्याईले सांगून आणली, कार्यक्रमासाठी."

नागपूरचे भिक्षू टेबलामागून पुढे आले. त्यांनी जीपची छत्री काढून भाऊरावच्या हातात दिली. माळा तोडल्या. ड्रायव्हरशेजारी बसले आणि म्हणाले, "भाऊराव, अस्थी आपण यासाठी पाहतो की मरण खरं आहे हे विसरू नये. तुम्ही तर ते पाहूनही विसरून राहिले. चला हो."

जीप गेली. धूळ बराच वेळ खाली बसली नाही. भाऊराव छत्री धरून उभाच होता.

सौंसरच्या डॉक्टरने तपासलं आणि नागपूरला पाठवलं. ताप मेंदूपर्यंत चढला होता. बऱ्याच दिवसांनी इंदू परत आली. चालत आली, स्वतःच्या पायाने. जयवंताने तिला हाक मारली, तर तिने वळून पाहिलं नाही. पुन्हा मारली. मग खांद्याला हात लावला, तेव्हा वळली. कान गेले होते. दोन्ही. डॉक्टर म्हणाले होते, आधी आणायचं होतं. एवढंच. त्यांनी शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

स्तूपात काहीच ठेवलं नाही. तो तसाच पोकळ उभा आहे, वर चुना मारलेला. स्टीलचा कलश भाऊरावने घरी नेला. चुलीतली ती राख भिक्षूंच्या निरोपाप्रमाणे शेताच्या धुऱ्यावर, बांधावर फेकली. माझं झाकण काढून टाकलं, म्हणजे मी रिकामा आहे हे सगळ्यांना दिसावं. वच्छलाबाईने किल्ली परत दिली. भाऊरावने अध्यक्षपद सोडलं नाही. त्याला कोणी सोड म्हटलंही नाही.

आणि लोक विसरले. तुम्हाला वाटलं असेल, एवढं झाल्यावर शहाणे होतील. मलाही वाटलं होतं. वर्षभरात कोणीतरी माझ्यात वाळू भरली आणि उदबत्त्या खोचायला सुरुवात केली. उदबत्ती जळते, राख गळते, वाळूवर पडते. मी ती राख पडताना पाहायचो आणि मला धडकी भरायची.

इंदू रोज विहारात येते. पोरं वंदना म्हणतात तेव्हा ती पुढे बसून त्यांच्या ओठांकडे टक लावून बघते आणि स्वतःचे ओठ तसेच हलवते. आवाज निघतो तो वेडावाकडा. पोरं आधी हसायची. आता हसत नाहीत.

मित्रांनो, माझं म्हणणं थोडं आहे. मला घासू नका, माझी पूजा करू नका, मला हार घालू नका. वामन भन्ते तुमच्यासाठी सायकल चालवत होता, ती सायकल आठवा. लेकरू तापलं तर त्याला उचला आणि निघा. हे सांगायला डबा लागू नये.

परवाची गोष्ट. अठ्ठ्याऐंशीचा पावसाळा संपला होता, डास फार झाले होते. दुपारी विहारात कोणी नव्हतं, इंदू एकटी भिंतीशी पाटी घेऊन बसली होती. लीलाबाई आली. खांद्यावर लेकीचं तान्हं, तापाने लाल झालेलं, अंगाला झटके येत होते. तिने इकडेतिकडे पाहिलं. इंदूकडे पाहिलं आणि सोडून दिलं, बहिरी तर आहे. मग माझ्यासमोर वाकली, दोन बोटांनी वाळूवरची राख चिमटीत घेतली आणि लेकराच्या तोंडाकडे नेली.

इंदूने तिचं मनगट धरलं.

"सोड वो पोट्टे," लीलाबाई म्हणाली. "सोड म्हणते ना. तुह्या मायले सांगीन. पाप लागन तुले. लेकरू मरून राहिलं माह्यं, सोड."

इंदूला त्यातलं काही ऐकू आलं नाही. तिने मनगट धरूनच ठेवलं. लीलाबाईने दुसऱ्या हाताने तिला बोचकारलं, तिच्या दंडावर रक्ताच्या रेघा उठल्या, तरी बोटं सुटली नाहीत. चिमटीतली राख फरशीवर सांडली. मग इंदूने ते मनगट तसंच धरून म्हातारीला उठवलं, दाराकडे ओढलं, आणि लेकरासकट सौंसरच्या सडकेला लावलं. लीलाबाई सारखी शिव्या देत होती. इंदू मागे न पाहता पुढे चालत होती.